कधीतरी वाजणारी घंटा

यंत्र विकायला जाण्याआधी ते कसं वागेल हे गणितानं सिद्ध करून द्यायचं, हे त्याचं काम. कचेरीत त्याला सगळे ‘शंकासुर’ म्हणत. रुग्णाच्या उशाशी ठेवायच्या एका यंत्रासाठी त्यानं अट लिहिली होती: श्वास अडखळला, की घंटा कधीतरी वाजेलच. शक्यता शंभर टक्के निघाली आणि यंत्र पास झालं. ‘कधीतरी’च्या जागी ‘दहा सेकंदांत’ लिहायचं मात्र राहून गेलं.

एका दवाखान्यात घंटा वाजली, ती माणूस गेल्यावर.

“तुझं गणित चोख आहे रे,” साहेब पाठ थोपटत म्हणाले. “वाजली ना शेवटी?”

चोख! त्याच्या अंगाचा तिळपापड झाला. पण यंत्रानं त्याचाच शब्द तंतोतंत पाळला होता. तेव्हापासून जिन्यात कुणाला धाप लागली तरी तो घड्याळाकडे बघत सेकंद मोजू लागायचा.

रविवारी वडिलांचा फोन आला. आवाज पार खोल गेला होता. “कधी येतोस?”

“येईन ना अण्णा, कधीतरी...” सवयीनं तोंडून निघून गेलं आणि त्यानं जीभ चावली.

अण्णा खोकत खोकत हसले. “येशील रे, नक्की येशील. मला पोचवायला का होईना, येशीलच.”