नोकर असं बोलत नसतो

साळवे गेल्याचं मला त्यांच्या मुलीच्या फोनवरून कळलं, तेही आठ दिवसांनी. दोष तिचा नाही. त्यांच्या जवळच्या माणसांत माझं नाव असावं असं मी वागलोच नव्हतो.

वामन साळवे पडेगावला राहायचे आणि अजिंठा-वेरूळला येणाऱ्या जपानी यात्रेकरूंना लेणी दाखवायचे. जपानी ते त्याच लोकांशी बोलत बोलत शिकले. एका म्हाताऱ्या प्रवाशाने निघताना त्यांना जुन्या जपानी मूकपटांच्या डिस्क दिल्या आणि त्यातल्या एका दुय्यम नटापायी साळवे वेडे झाले. हा नट कधी नोकर, कधी हवालदार, कधी दारुडा. बहुतेकदा नायकाच्या मागे कंदील धरून उभा. त्याची एकूण एक कामं साळव्यांनी वहीत उतरवली होती. "हिरोकडं कुणीबी बघतं सर," ते म्हणायचे, "ह्याच्याकडं बघाया माणूस लागतो." त्या नटाचं नाव त्यांनी मला दहादा सांगितलं असेल. मला ते आजही आठवत नाही...

क्रांती चौकाजवळच्या आमच्या फिल्म क्लबचा मी चिटणीस. मूकपटांच्या काळात जपानमध्ये पडद्याशेजारी एक माणूस उभा राहून सगळ्या पात्रांचं बोलणं बोलायचा, त्याला बेन्शी म्हणत. आपणही एक मूकपट तसा दाखवू, मी बोलतो, असं साळवेच म्हणाले. त्यात मालक कित्येक वर्षांनी घरी परततो आणि दारात म्हातारा नोकर, म्हणजे साळव्यांचा तो नट, उभा असतो. तालमीत साळवे त्याचं बोलले, "लई उशीर केला, मालक," आणि क्लबातले आम्ही चौघं मालकाला सोडून त्या नोकराकडे बघू लागलो. पण कार्यक्रमाला पुण्याचे पाहुणे येणार होते. त्यांच्यापुढे हे 'लई' अन् 'हाय' कसं दिसेल, या धास्तीने मी त्यांनी हे बोलणं लिहिलेली वही मागून घेतली, लाल पेनाने भाषा सुधारली, आणि वर त्यांना म्हणालो, तुमचा घसा बसलाय, माइकवर मीच वाचतो. घसा ठणठणीत होता. ते त्यांनाही ठाऊक होतं. ते दाराजवळच्या शेवटच्या खुर्चीवर जाऊन बसले. मी वाचलं, "आपण फार विलंब केलात, धनी," आणि पाहुण्यांच्याच रांगेत कुणीतरी हसलं.

चहाच्या वेळी साळवे जवळ आले. "चांगलं झालं सर. फकस्त, नोकर असं बोलत नसतो." त्यानंतर ते क्लबात आले नाहीत. पडेगाव काही लांब नाही, पण कुठल्या तोंडाने जायचं, असं म्हणत मी दोन वर्षं काढली. खरं तर माफी मागायला एकच तोंड असतं, आणि ते मी उघडलं नाही. याची मला लाज वाटते.

भेटायला गेलो तेव्हा मुलीने वही माझ्या हातात ठेवली. "बाबा म्हणायचे, सरांची हाय, देऊन टाक." वही त्यांची होती. तिच्यातली फक्त लाल शाई माझी. काल खोलीचं दार लावून घेतलं, ते पान काढलं आणि मी खोडलेली त्यांची ओळ मोठ्यानं वाचून पाहिली... तीनदा वाचली. तिन्ही वेळा ती पाहुण्यांना ऐकवावी तशीच आली.