वहिनी, तांडा आणि ढावलो

पुढाऱ्याच्या घरचं माणूस दारात आलं तर त्याच्यावर विश्वास ठेवावा की नाही, तुम्हीच सांगा. आमच्या दिग्रसचे भाऊ पुढारी, अन् त्यांच्या पत्नी म्हणजे आमच्या वहिनी. त्यांना वेड एकच, बंजारा बायांची गाणी जमवून पुस्तक करायचं. माझं काच-कवड्यांचं दुकान. तांड्यातल्या बाया दोरा पसंत करायला बसतात अन् वहिनींचे किस्से इथं ठेवून जातात. दुकानात माल कमी, किस्सेच जास्त झालेत.

वहिनी पहिल्यांदा तांड्यात गेल्या तेव्हा झमकूयाडीनं विचारलं, "नळ आणला का?" याडी म्हणजे आई, या म्हातारीला सगळे तसंच म्हणतात.

"नाही, गाणी घ्यायला आले."

"म्हंजे मतं झाली, आता गाणीही घ्याले आल्या!"

वहिनी परतल्या. दुसऱ्या दिवशी पुन्हा हजर.

एकदा त्यांनी भाऊंचं भाषण तपासलं. 'तुमच्यासाठी रक्ताचं पाणी केलं' यापुढं लिहिलं, 'याला पुरावा?'. अशा बिनपुराव्याच्या ओळी गाळल्यावर भाषण चहा यायच्या आतच संपलं. तांड्याचे नायक, म्हणजे तिथले प्रमुख, मला म्हणाले, "शेठ, यंदा भाऊ लय चांगलं बोलले."

भाऊ कुरकुरतात, "लोक मले इचारते, वहिनी कशा हायत? म्या म्हणतो, तुमच्याचकडं हायत, तुम्हीच सांगा."

पुस्तक अडलं ते ढावलोपाशी. नवरी सासरी निघताना गळ्यात पडून रडत म्हणतात ते गाणं. अख्खं येतं एकट्या याडीला, अन् ती आता थकली. पण लग्नाशिवाय ते म्हणणं अशुभ. "नवरी नाही, मंग रडू कायले?" म्हणायची.

शेवटी तिच्या नातीचं लग्न निघालं, नेमकं भाऊंच्या मोठ्या सभेच्या दिवशी. स्टेजवर वहिनींची खुर्ची रिकामी. भाऊंनी माइकवरच सांगितलं, "ह्या लग्नाले गेल्या. माह्यं भाषण काय, पुढच्या हप्त्यातही होईन."

लग्नात मीही होतो. वहिनी गाणं रेकॉर्ड करायला मोबाइल धरून उभ्या. नात गाडीत बसली तशी याडी वळली अन् वहिनींच्याच गळ्यात पडून गाऊ लागली. मोबाइल मातीत पडून बंद झाला. गाणं संपेपर्यंत वहिनींनाही रडू आवरेना. एक ओळ हाती लागली नाही.

याडीनं पदरानं त्यांचे डोळे पुसले. "मांडव उभाच हाय अजून, लगन सरलं नाही. बस, लिही."

ओळीमागून ओळ लिहून झाली. वहिनींनी विचारलं, "वर तुमचं नाव टाकू ना?"

"माह्यं कसं? सुरवात मायची हाय, मधलं सासूचं. शेवटचं तेवढं माह्यं. ज्याचं त्याच्या नावावर मांडजो, बाई. हिशोब खरा ठेवजो."