भरतीपोथीचं शेवटचं पान

दुपारची भरती यायला अजून घटकाभर आहे. सोनकी पोथीघराच्या भिंतीला टेकून बसली आहे, मांडीवर भरतीपोथी उघडी. डोळे मिटायचे नाहीत, असं ती स्वतःला बजावते आणि तेवढ्यातच पापण्या जड होतात.

कुर्लेबेटाभोवतीच्या समुद्राला दिवसातून तीनदा भरती येते. प्रत्येक भरतीला ही पोथी कुणी मोठ्यानं वाचली तरच पाणी पोथीघराच्या पायऱ्यांपाशी थांबतं. नाहीतर बेटावरची चाळीस घरं माणसांसकट पाण्याखाली. ती एकानंच वाचायची अशी इथली समजूत, आणि ती एक म्हणजे सोनकी. अकरा वर्षांत तिनं बेट सोडलेलं नाही. आज सकाळी समोरच्या करळबेटावरून निरोप आला: आईनं अंथरूण धरलंय, सारखी तुझंच नाव घेतेय. करळबेट इथून दिसतं. पण जाऊन यायला अख्खा दिवस लागतो.

"मान अवघडेल गं अशी," कुणीतरी म्हणतं.

समोर मोहराआत्या मासे साफ करत बसली आहे. सोनकीच्या बापाची थोरली बहीण, तिच्या आधी पोथी वाचणारी. अकरा वर्षांपूर्वी तापानं गेली. ती गेलेली आहे हे सोनकीला पक्कं ठाऊक आहे, पण त्याचं आत्ता नवल वाटत नाही. पोथीघर आता आत्याचं स्वयंपाकघर आहे. चुलीवर पेज रटरटते आहे.

"आत्या, मला आईकडे जायचंय."

"जा की."

"आणि भरती कोण थांबवणार?"

खवले उडत राहतात. सोनकी उठून दाराशी जाते, तर दाराच्या जागी भिंत आहे. दुसऱ्या बाजूला जाते. तिथेही भिंतच, आणि हाताला बुळबुळीत शेवाळ लागतं. खिडकीबाहेर हिरवं पाणी आहे. खूप वर, एका होडीचा काळा तळ हलतो आहे.

"आत्या, दार कुठाय?"

"मी चाळीस वर्षं शोधत होते बाई."

आता दोघी त्या होडीत बसल्या आहेत. सोनकी जीव खाऊन वल्हवते आहे, खांदे भरून आलेत, पण करळबेट आहे तिथेच. मागे वळून बघते तर होडीचा दोर पोथीघराच्या पायरीला बांधलेला.

"सोड ना तो दोर!"

"मीच बांधलाय तो," आत्या म्हणते. तिच्या मांडीवर आता पोथी आहे. "सोनके, शेवटचं पान वाचलंयस?"

"रोज वाचते."

"ते शेवटचं नव्हे. त्याच्या पाठीशी आणखी एक आहे. माशाच्या सरसानं मी चिकटवून टाकलं."

वल्हं सोनकीच्या हातातून गळतं. "काय आहे त्यात?"

"घराघरानं पाळीपाळीनं वाचावी. एकाच माणसाच्या गळ्यात बांधू नये."

"आणि तू ते लपवलंस?"

आत्या पाण्याकडे बघते. "विसाव्या वर्षी माझा नवरा गेला. तेव्हापासून मला कुणी हिंग लावून विचारत नव्हतं. मग साथ आली, घरोघरी माणसं पडली, तेव्हा सगळ्यांच्या पाळ्या मी एकटीनं वाचल्या. पाळ्या वाचणारी जाणती माणसं त्या साथीतच गेली, मागं उरली ती पोरंसोरं. ती मला वाकून नमस्कार करायला लागली. ते मला सोडवेना गं. थोडे दिवस म्हणून पान चिकटवलं, आणि पुढं सांगायला तोंड राहिलं नाही."

"मग माझ्या गळ्यात का घातलीस?"

"मरताना तरी सांगायचं होतं. नाही सांगितलं."

सोनकी शिव्या द्यायला तोंड उघडते. होडी कधीच गेली. चार भिंती जवळ आल्या आहेत, पाय गार पडलेत, पाणी घोट्यापर्यंत आलं आहे.

"शिव्या मागून दे," आत्या घाईनं म्हणते. "भरती चढलीय. ऊठ."

"उठता येत नाही! आत्या, मला जागंच होता येत नाही!"

आत्या तिचा अंगठा धरते आणि पोथीच्या पानाच्या कडेवर दाबते. "नख घाल. आणखी. लाव जोर!"

कळ थेट मस्तकात जाते, आणि सोनकी जागी होते.

पाणी खरोखरच घोट्यापर्यंत आलं आहे. बाहेर आरडाओरडा चालला आहे. होडीवाल्यांतला वडीलधारा सुकाबा तांडेल धापा टाकत आत शिरतो.

"अगं सोनके, झोपलीस काय? वाच, वाच लवकर!"

सोनकी पोथीकडे बघते. शेवटचं पान उकललं आहे आणि त्यामागचं पान पुढ्यात आहे, अक्षरं काल लिहिल्यासारखी. ती ते पान सुकाबाच्या डोळ्यांसमोर धरते. तो ओठ हलवत वाचतो. पुन्हा वाचतो.

"आजची पाळी तुमच्या घराची, सुकाबा."

"माझी? मला कुठं जमतंय!"

"अक्षरं येतात ना? बोट ठेवून म्हणा." ती पोथी त्याच्या हातात देते.

तो अडखळत सुरुवात करतो. एक ओळ चुकतो, मागे येतो, घाम पुसतो. पाणी घोट्यांशीच थबकतं, मग उंबऱ्याबाहेर सरून एक पायरी उतरतं.

"तुमची होडी नेते मी. आईकडे जाते."

सुकाबाची पानावरून नजर काढायची छाती होत नाही. वाचता वाचताच तो मान हलवतो.

खाली होडीत सोनकी वल्हं उचलते, आणि अंगठा ठणकतो. नखाखाली सरसाची जुनी, पिवळी कपची रुतलेली आहे.