शनिवारचे आबा

मीरा, ओंकार,

तुमचे आबा, म्हणजे बाबांचे वडील, ओंकारला माझ्या हातातून कधीच घेत नसत. "विहीनबाय, खाली ठेवा त्याला. मी उचलतो." मग मी त्याला आमच्या नेरूळच्या सोसायटीच्या गेटाशी कट्ट्यावर बसवायची आणि ते तिथून उचलायचे. मीठ-मिरची हातोहात दिली की दोन घरांत भांडण होतं, अशी त्यांची समजूत. "आबा, हे मूल आहे, मीठ नाही," मी एकदा म्हटलं. उरणच्या मिठागरांत तरुणपण घालवलेला तो माणूस गंभीरपणे म्हणाला, "दोनी घरांना लागतं ना? मंग मीठच."

भांडण तेव्हा कोर्टात पोचलेलंच होतं. तुमचे आईबाबा वेगळे राहत होते. निकाल लागेपर्यंत तुमचा तात्पुरता ताबा आईकडे आणि शनिवार-रविवार बाबांकडे, असा आदेश होता. ती दोघं समोरासमोर आली की शब्दाला शब्द वाढे, म्हणून तुमची ने-आण आम्हा म्हाताऱ्यांवर आली.

रविवारी तुम्ही परतलात की तुमच्या कपड्यांना सुकटीचा वास असे. मी शाकाहारी, सगळं दोनदा धुवायची. तक्रार केली तर आबा म्हणाले, "खाव नका. निस्ता वास घ्या, फुकट हाय."

त्याच सुमारास तुमच्या आईला परदेशी नोकरी मिळाली. तुम्हाला न्यायला कोर्टाची परवानगी हवी होती, आणि आदेश एकदा जरी मोडला तर ती मिळणं कठीण, असं वकीलबाईंनी बजावलं होतं. म्हणून एका शनिवारी ओंकार तापानं फणफणलेला असतानाही आम्ही त्याला शाल गुंडाळून खाली आणलं. आबांनी त्याच्या कपाळाला हात लावला. "कागद ऱ्हाऊ द्या. यो आज नाय येत." मीरालाही त्यांनी नेलं नाही; केस सुरू झाल्यापासून ते पहिल्यांदाच वर घरात आले. संध्याकाळपर्यंत ओंकार त्यांच्या छातीवर झोपला होता.

पुढच्या तारखेला बाबांच्या वकिलांनी तोच शनिवार काढला: आईनं मुलं पाठवली नाहीत. मागच्या बाकावरून आबा उठले आणि न्यायाधीशबाईंना म्हणाले, "म्याडम, सुनेनी धाडली व्हती. मीच नाय नेली."

बाहेर आल्यावर बाबांनी विचारलं, "आबा, तुमी नक्की कोनाचे?"

"पोराला ताप व्हता रे. कोनाचा त्ये बघाया टाइम नव्हता."

परवानगी मिळाली आणि तुम्ही आईबरोबर परदेशी गेलात. आपले शनिवार आपणच घालवले, हे आबांना कळत होतं. बाबांनी त्यांच्याशी बरेच दिवस अबोला धरला, आणि रागाच्या भरात तुम्हाला फोन करणंही सोडलं.

यंदा शिमग्यानंतर आबा गेले. मी गावी भेटायला गेले तेव्हा बाबांनी माझ्यासाठी खुर्ची आणली आणि स्वतः खाली बसले. बऱ्याच वेळानं म्हणाले, "पोरं मराठी बोलतात का अजून?" मी म्हटलं, "तुम्हीच विचारा." तुमच्या आईची परवानगी घेऊन मी त्यांना नंबर दिला.

ओंकार, गेल्या रविवारी एक फोन आला होता, पलीकडून कोणी बोलतच नव्हतं, आणि तू वैतागून ठेवलास, असं आई सांगत होती. ते बाबा होते. ते पुन्हा करतील. त्यांना बोलायला जरा वेळ लागेल. तोवर ठेवू नकोस.