आमच्या पेपरानं सुरू केलेली बस

आमच्या दैनिकाचा वाढदिवस आला की जाडजूड पुरवणी निघते. तिच्यात पेपराचा सगळा इतिहास असतो. संस्थापकांचा पगडीतला फोटो, बोटीतून आणलेलं पहिलं छपाईयंत्र, इंग्रज सरकारनं मागितलेला जामीन, पुराच्या पाण्यातून डोक्यावर वाहून वाचवलेले छपाईच्या खिळ्यांचे खोके. मी दरवर्षी पहिल्या पानापासून शेवटच्या जाहिरातीपर्यंत स्वतःला शोधतो. सापडत नाही. भोसरी-मोशीचा वार्ताहर म्हणून इतकी वर्षं झिजलो, पण इतिहासकारांनी मला वगळलं. त्यांचंही बरोबरच आहे म्हणा. माझ्या हातून घडलेलं एकमेव ऐतिहासिक काम पुरवणीत छापण्याजोगं नाही. मी एकदा बस सुरू केली होती. बस सुरू झालेली नसताना.

बासष्टच्या सुमाराला मी पोटामागे भोसरीत आलो, तेव्हा आमचा सगळा पट्टा पेपराच्या लेखी 'परिसरातून' या सदराच्या तळाशी बसायचा. बिबट्या दिसला, कुस्त्यांचा फड रंगला, इंद्रायणीला पूर आला, की दोन ओळी. पुढे माळावर शेड उभ्या राहिल्या, भोंगे वाजू लागले, आणि शहरातल्या संपादकांना संशय आला की पुण्याबाहेरही माणसं राहत असावीत. त्यांना वार्ताहर हवा झाला. मी एका वर्कशॉपमध्ये टाइमकीपर होतो. कोण किती उशिरा आलं ते लिहायचं, एवढंच माझं काम. संपादकांनी विचार केला, याला रोज लिहायची सवय आहे.

तेव्हाची आमची पद्धत अशी. बातमी लिहायची, पाकिटात घालायची, वर तांबड्या शाईनं 'तातडीचे' असं लिहायचं आणि चारच्या एसटीच्या कंडक्टरला द्यायचं. पुण्याच्या स्टँडवर पेपराचा शिपाई ते उचलून न्यायचा. आमचा कंडक्टर भाविक. तो पाकीट ड्रायव्हरपुढच्या गणपतीमागे खोचायचा, त्यामुळे माझ्या बातम्यांना ऑफिसात पोचेपर्यंत उदबत्तीचा वास लागायचा. उपसंपादक म्हणायचे, "तुमची बातमी आली की वाचण्याआधी हात जोडावेसे वाटतात."

अडचण एकच होती. गाडी चारची, आणि उद्घाटनं, सत्कार, पायाभरण्या सगळ्या पाचनंतर. मग आम्ही वार्ताहर निमंत्रणपत्रिका समोर ठेवून कार्यक्रम झाल्याची बातमी कार्यक्रमाआधीच लिहायचो. यात कुणाला काही गैर वाटत नसे. फक्त शब्द जपून वापरायचे. पाहुण्यांचं 'समयोचित भाषण झाले' म्हटलं की ते काय बोलले याच्याशी आपला संबंध संपला. 'बहुसंख्य नागरिक उपस्थित होते' हे तर सतरंजी रिकामी असली तरी चालायचं. टाळ्यांचा कडकडाट मी सढळ हातानं घालायचो. त्याला कुठे पैसे पडतात?

आता बसकडे येतो. सत्तर साल उलटून चार-पाच वर्षं झाली असतील. मी मोशीत एका शेतकऱ्याच्या घरी खोली घेऊन राहत होतो. त्यांना सगळं गाव आबा म्हणायचं, म्हणून मीही. आबांची थोरली मुलगी मॅट्रिक झाली होती आणि पिंपरीच्या एका कारखान्यात पॅकिंगला तिची निवड झाली होती. सोमवारी हजर व्हायचं होतं. पण मोशीहून पिंपरीला सकाळच्या पाळीच्या वेळेत पोचायचं कसं? नाशिककडून येणाऱ्या एसट्या खचाखच भरलेल्या असायच्या. थांब्यावर हात केला तर ड्रायव्हर उलट आपल्यालाच हात दाखवून पुढे जायचा.

आबांची अट सरळ होती. "गाडी गावातनं सुटली तर जा. ट्रकला हात करत हिंडायचं न्हाई."

आणि योग असा, की शुक्रवारी संध्याकाळी मोशी-पिंपरी बसचं उद्घाटन ठरलं. पोरीनं नवी चप्पलसुद्धा आणली. मी पत्रिका समोर ठेवून झकास बातमी लिहिली. हार घातलेली बस टाळ्यांच्या कडकडाटात मार्गस्थ केली, पहिल्या फेरीत बहुसंख्य महिला कामगारांना बसवलं, प्रमुख पाहुण्यांकडून समयोचित भाषण करवून घेतलं आणि पाकीट चारच्या गाडीला दिलं.

संध्याकाळी थांब्यावर मांडव होता, कर्णा होता, नारळ होता. बस नव्हती. काळोख पडायच्या सुमाराला मोटारसायकलवरून एक माणूस आला. पाहुण्यांना अचानक मुंबईला जावं लागलं होतं. पाहुणे नाहीत म्हणून उद्घाटन नाही, आणि उद्घाटन नाही म्हणून बस नाही. पुढची तारीख पाहुण्यांच्या सवडीनं. माणसं मुकाट्यानं घरी गेली. आबा पोरीला एवढंच म्हणाले, "गाडी न्हाई, नोकरी न्हाई. मिटलं."

मला पोरीचं वाईट वाटलं. बातमीची मात्र काळजी वाटली नाही. कारण माझी बातमी दुसऱ्या दिवशी छापून आली, असं तोवर कधी घडलंच नव्हतं. पुणेकरांच्या बातम्या बसवून जागा उरली तर माझा नंबर लागायचा. मी केलेल्या गणेशोत्सवाच्या बातम्या नवरात्रात वाचून लोक चकित व्हायचे. सकाळी भोसरीला जाऊन फोन करू, बातमी थांबवू, असं म्हणून मी निवांत झोपलो.

आणि शनिवारी सकाळी बातमी आली. चौकटीत. 'मोशीकरांची प्रतीक्षा संपली' असा मथळा. ऑफिसात कोणाला माझी दया आली होती देव जाणे.

चहाच्या हॉटेलापाशी आबा पेपर डोळ्यांजवळ धरून मोठ्यानं वाचत होते. भोवती तीच माणसं होती, जी आदल्या संध्याकाळी रिकाम्या रस्त्याकडे बघून परतली होती. मी पळायच्या बेतात होतो, तेवढ्यात आबांनी मला पाहिलं.

"अवो वार्ताहर, गाडी कवा आली म्हनायची?"

"म्हणजे... आबा..."

"आमी घरी गेल्यावर आली आसंल," आबांनी माझं उत्तर स्वतःच दिलं. "आमी घाई केली राव. जरा थांबाया पायजेल व्हतं."

मी थक्क झालो. या माणसाच्या वडिलांनी हाच पेपर वाचला होता, आबांनी अक्षरं याच्यावरच गिरवली होती. दोन पिढ्या पेपरानं खोटं सांगितलं नव्हतं. स्वतःच्या डोळ्यांचा मात्र आबांना तेवढा भरवसा नव्हता, कारण एका डोळ्यात मोतीबिंदू होता. इतक्या वर्षांची ती पुण्याई मी एका पाकिटात घालून गणपतीमागे खोचली होती.

घरी आलो तर पोर दारातच उभी. "दादा," ती हळू आवाजात म्हणाली, "पाकीट तुम्ही चारच्या गाडीला दिलंत. मी पाहिलंय. कार्यक्रम पाचनंतर होता."

"खुलासा छापायला सांगतो," मी म्हणालो. "बस सुरू झालेली नाही, म्हणून."

"आणि मग आबा मला सोडतील?"

मी हातातल्या पेपराची घडी घालू लागलो.

"खुलासा नको. पेपर द्या तुमचा. आबांना घेऊन डेपोत जाते. तुम्हीपण चला."

"मी कशाला?"

"बस तुम्हीच सुरू केलीय ना?"

डेपोत जाताना मी मनातल्या मनात वार्ताहरकीचा राजीनामा लिहून काढला. तोही, सवयीप्रमाणे, घटनेच्या आधीच. आबांनी पेपर डेपो मॅनेजरच्या टेबलावर पसरला आणि चौकटीवर बोट ठेवलं. "सायब, पेपरात लिवलंय गाडी चालू झाली. सोमवारी सकाळी गाडी आली न्हाई तर पेपर खोटा म्हनायचा का तुमची गाडी?"

मॅनेजरसाहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी भिंतीवरच्या वेळापत्रकाकडे पाहिलं. त्यांनी आबांना आणि पोरीला बाहेर चहा सांगितला, दार लोटलं आणि माझ्यासमोर कपाळाला हात लावला.

"अहो, काय करून ठेवलंत हे?"

"खुलासा देतो साहेब. आजच देतो."

"खबरदार!" ते जवळजवळ ओरडलेच. "सकाळी आमच्या मोठ्या साहेबांचा फोन आला. पेपर वाचून. म्हणाले, शाब्बास, पाहुणे आले नाहीत तरी तुम्ही लोकांची गैरसोय होऊ दिली नाहीत, गाडी सोडलीत."

"मग तुम्ही काय म्हणालात?"

"काय म्हणणार? थँक्यू म्हणालो!"

दोघेही गुन्हेगार समोरासमोर आल्यावर बोलणी पटकन मिटतात. मॅनेजर म्हणाले, एक गाडी आहे, जुनी आहे, खिडक्या खडखडतात, पण सोमवारपासून सोडतो. मी म्हणालो, खडखडाटाबद्दल बातमीत काही लिहिलेलं नाही, त्यामुळे चालेल. बाहेर पोर बशी हातात घेऊन उभी होती. माझ्या तोंडाकडे बघूनच तिला कळलं. तिनं उरलेला चहा एका दमात संपवला.

सोमवारी सकाळी बस आली. हार नाही, नारळ नाही, कर्णा नाही. आबा स्वतः थांब्यावर आले. बसला एक चक्कर मारली, पाटी वाचली, टायरावर बैलाच्या वशिंडावर मारावी तशी थाप मारली. पोर नवी चप्पल घालून खिडकीशी बसली. बस हलल्यावर आबा माझ्याकडे वळून म्हणाले, "बगा. तरी मी म्हनत व्हतो, गाडी आलेली हाय."

महिन्याभरानं पाहुण्यांना सवड झाली. पत्रिका पुन्हा छापल्या गेल्या. कारखान्यांतून परतणाऱ्या बायकांना आधीच्या थांब्यावर उतरवलं, गाडी धुतली, हार घातला, फीत कापली आणि मग त्याच बायकांना त्याच गाडीत टाळ्यांच्या कडकडाटात बसवलं. या वेळी मी शहाणा झालो होतो. सगळा कार्यक्रम शेवटपर्यंत बघितला आणि मगच लिहायला बसलो. साहजिकच चारची गाडी कधीच गेली होती. दुसऱ्या दिवशी पाकीट स्वतःच पुण्याला घेऊन गेलो.

उपसंपादकांनी कागद नाकाशी धरला. उदबत्तीचा वास नव्हता म्हणून त्यांना चुकल्यासारखं झालं असावं. मग वाचला. चष्म्यावरून माझ्याकडे पाहत राहिले.

"ही बस आपण एकदा सुरू केली होती ना?"

"हो साहेब."

"मग तेव्हा ती सुरू झाली होती का?"

"त्या सोमवारपासून झाली साहेब."

मागच्या खोलीत खिळे जुळवणाऱ्यांची टकटक चालू होती. "आपला खुलासा राहिला म्हणायचा," शेवटी ते म्हणाले.

"आता करायचा झाला तर चूक कुठली दाखवायची?" मी विचारलं.

त्यांनी कागदाची घडी घातली आणि खिशात टाकली. बातमी छापली नाही. मला काढलंही नाही. फक्त जाताना म्हणाले, "पुढच्या वेळी एखादा पूल सुरू करायचा असेल तर आधी मला विचारा."

पुढे पेपर बदलत गेला. ऐंशीच्या आसपास पिंपरीत त्याचं छोटं ऑफिस झालं, फोन आला, आमच्या पट्ट्याला स्वतःचं अर्धं पान मिळालं. पाकिटं बंद झाली. आबांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, पोरीनं पगारातून केलं, आणि ते पेपर हातभर लांब धरून वाचू लागले. विश्वास मात्र होता तेवढाच राहिला. मोशी-पिंपरीच्या फेऱ्या वाढल्या. पोर पॅकिंगमधून वर चढली, हाताखाली पाच-सहा मुली आल्या, लग्न होऊन भोसरीला गेली, पण नोकरी सुटली नाही.

मीही कधी कधी त्याच बसनं जायचो. ती पुढच्या बाकावर पेपर उघडून बसलेली असायची. त्या वर्षांत आमच्याकडे अर्ध्या गोष्टी यायच्या होत्या. नळ यायचा होता, दवाखाना यायचा होता, मुलींचं हायस्कूल यायचं होतं, आणि त्या सगळ्यांच्या बातम्या मी अर्ध्या पानात मांडून ठेवलेल्या असायच्या. एकेक वाचून झाली की ती मागे वळायची, आणि भरलेल्या बसमध्ये सगळ्यांना ऐकू जाईल असं विचारायची, "दादा, हे झालंय, का व्हायचंय?"

"व्हायचंय गं," मी म्हणायचो. "पण आता छापून आलंय."

"मग सोमवारी बघते," ती म्हणायची आणि पान उलटायची.