आजचा दिवस धरून

आमच्या सीनियरांच्या कारकुनांइतकी काळावर हुकमत असलेला माणूस मी आजवर पाहिलेला नाही. उल्हासनगरच्या कॅम्प चारमधल्या ऑफिसात मी ज्युनियर म्हणून रुजू झाले, ती नव्वदीची सुरुवात होती आणि ते साठीला टेकले होते. कोणत्या दाव्याला किती मुदत, निकालाचा दिवस धरायचा की सोडायचा, शेवटच्या दिवशी कोर्टाला सुट्टी आली तर काय, हे आम्ही जाडजूड पुस्तकात शोधायचो. त्यांना ते बोटांच्या पेरांवर मिळे. अंगठा करंगळीवरून सरकू लागला की सीनियरसुद्धा बोलायचे थांबत. अंगठा थांबला की तारीख. ती चुकलेली कुणी पाहिली नव्हती. खालचा सिंधी कापडवाला तर म्हणायचा, "साईं, ये आदमी नहीं, पंचांग है!"

अडचण एवढीच, की हा कायदा ते कोर्टाबाहेरही सोडत नसत. डॉक्टरांनी पाच दिवसांचं औषध दिलं की पहिला दिवस मोजणीत धरायचा नाही, म्हणून सहाव्या दिवसाच्या गोळीसाठी ते कंपाउंडरशी भांडत. बायकोनं आठ दिवसांत माळा आवरायला सांगितला आणि आठवा दिवस रविवार निघाला, तर माळा सोमवारी. एकदा तो सोमवारही सुट्टीचा निघाला, तेव्हा त्यांचा चेहरा असा उजळला की मी विचारलंच, "आता मंगळवारी का?" ते गंभीरपणे म्हणाले, "कायद्यानं दिलेला दिवस आहे, वकीलबाई. टाकून द्यायचा नसतो." नातवाच्या बारशाला जन्माचा दिवस धरायचा की नाही यावरून त्यांचं आणि विहीणबाईंचं असं जुंपलं, की अर्धे पाहुणे एका दिवशी आले आणि अर्धे दुसऱ्या.

हसत होतो आम्ही. पण एका सकाळी गायकवाडबाई आल्या. अंबरनाथच्या एका शाळेत त्या आया होत्या. नवरा वारलेला, दोन मुली. राहती खोली सोडण्याचा निकाल त्यांच्याविरुद्ध लागला होता, आणि आधीच्या वकिलानं अपील केलंच नव्हतं. मी हिशेब मांडला. अपिलाला तीस दिवस. निकालाची नक्कल मिळायला लागलेले दिवस त्यात वाढवून मिळतात. अर्ज तीन तारखेला, नक्कल तयार बारा तारखेला, म्हणजे नऊ. एकूण एकोणचाळीस. आणि आज चाळिसावा.

"मुदत काल संपली हो," मी म्हटलं. बाई नुसत्या खाली बसल्या. "उशीर माफ करा असा अर्ज देऊ आपण."

"माफी?" कोपऱ्यातून आवाज आला. कारकून उठले होते. "मुदत असताना माफी कशाला मागायची? माफी मागेपर्यंत समोरचा ताबा घेऊन बसेल." त्यांचा अंगठा चालू लागला. "तीन तारखेचा दिवसही नकलेतच गेला, बारा तारखेचाही. नऊ नाही, दहा. मुदत आज आहे. आजचा दिवस धरून."

मग ते सांगत गेले आणि मी टाइप करत गेले. कोणता मुद्दा कितवा, कोणता कागद कशामागे, सगळं तोंडपाठ. दुपारी आम्ही तिघं ठाण्याच्या जिल्हा कोर्टात पोचलो. खिडकीवरच्या माणसानं तारखा पाहून भुवया वर केल्या. आमच्या कारकुनांनी हात पुढे केला आणि पेरं मोजून दाखवली. शिक्का पडला तेव्हा खिडकी बंद व्हायला वीस मिनिटं होती. पुढच्याच आठवड्यात खोलीचा ताबा घ्यायला स्थगिती मिळाली, आणि यथावकाश बाई अपील जिंकल्या. त्या दिवसानंतर मी त्या माळ्यावरून त्यांना कधी हसले नाही.

म्हणूनच पुढची गोष्ट मला कळायला वेळ लागला. कारकुनांच्या वडिलांचं कुळगावातलं घर त्यांच्या धाकट्या भावानं आजारी बापाची सही घेऊन एकट्याच्या नावावर करून घेतलं होतं. वडील गेल्यावर यांना ते कळलं. हे जवळच कात्रपला दोन खोल्यांत भाड्यानं राहत. दस्त रद्द करायचा दावा लावायला, कळल्यापासून तीन वर्षं. सीनियरांनी दोनदा विषय काढला, यांनी दोनदा टाळला. शेवटच्या दिवशी मी स्वतः दावा टाइप करून पुढ्यात ठेवला. फक्त सही हवी होती. त्यांनी तो नीट वाचला, एका काना-मात्रेची चूक दुरुस्त केली आणि बाजूला ठेवला. कोर्ट सुटायची वेळ झाली.

"संपली," ते म्हणाले आणि चहा मागवला.

मला रडू येत होतं. "का केलंत असं?"

"दावा करायचाच नव्हता."

"मग तसं सांगायचं भावाला!"

"सांगितलं होतं. वकिलाच्या कारकुनावर कोण विश्वास ठेवतो? तीन वर्षं रस्त्यात दिसलो की दुसऱ्या गल्लीत वळायचा. नजर वर करायचा नाही. त्यालाही तारीख माहीत होती. आता माझ्याकडे त्याला घाबरण्यासारखं काही उरलं नाही."

रविवारी ते कुळगावला जेवायला गेले. कारकून वारले त्यालाही आता बरीच वर्षं झाली, पण सोमवारी ऑफिसात येऊन त्यांनी मला ते सांगितलं, तसं अजून ऐकू येतं. भावजयीनं सुकट केली होती. भाऊ दारातच भेटला आणि म्हणाला, "दादा, इतके दिवस का आला नाहीस?"

"मग तुम्ही काय म्हणालात?"

"काय म्हणणार?" ते म्हणाले. "हात धुतले आणि पानावर बसलो."