पपई, कळसाडी, दुसरा तोडा

"हाई पोर त्यासनामधलीच शे ना? तिन्हाच गयामा घालीसन दखाड," शेठ म्हणाला. आणि आमच्या ऑफिसच्या सरांनी क्रेटचा टॅग सोडून माझ्या गळ्यात घातला.

शेठच्या पपईच्या पॅकिंग शेडमध्ये. कागदात पपई गुंडाळणाऱ्या वीसेक बायकांसमोर. सगळ्या सातपुड्यातल्या, माझ्याच बोलीच्या.

टॅग म्हणजे रुपयाएवढी चकती, दोरीत ओवलेली. फोनची पाठ जवळ नेली की तिच्यातली माहिती स्क्रीनवर येते. हे काम माझं. ॲपमध्ये तयार कोडची लायब्ररी जोडली की झालं, असं सर म्हणाले होते. झालं डोंबल! आठ दिवस गेले. परवानगीची एक ओळ राहिली म्हणून फोन ढिम्म. ती टाकली, तर एकच टॅग तीनतीनदा वाचायचा. त्यात प्रत्येक फोनची वाचायची जागा वेगळी. रडकुंडीला आले, पण जमवलं. क्रेटसाठी. कोणत्या गावचा माल, कितवा तोडा म्हणजे कितवी तोडणी, ते कळावं म्हणून.

शेडमध्ये सर "मी बनवलं" म्हणाले. तेही गिळलं मी. पण शेठला क्रेट नकोच होते. "क्रेट कोठे पयतस? माणसे पयतस," म्हणाला. काम सोडून पळणाऱ्या मजुरांवर नजर हवी होती त्याला. आणि माझ्याकडे बोट केलं.

सरांना वाचायची जागाच माहीत नव्हती. माझ्या छातीशी फोन धरून वर-खाली फिरवत राहिले. जागा कॅमेऱ्यापाशी होती. मला माहीत होतं.

शेवटी फोन वाजला. शेठनं मोठ्यानं वाचलं, "पपई. कळसाडी. दुसरा तोडा."

दोघं पोट धरून हसले. बायका हसल्या नाहीत. माझ्या गावची जमनीकाकी हातात पपई तशीच धरून बघत होती. आमच्या बोलीत तिनं एवढंच विचारलं, "हे उद्या आम्हाला घालणार का गं?"

डोकं सणकलं माझं. दोरी काढली. टॅग परत क्रेटला बांधला.

"हा क्रेटचा आहे. माणसाला नाव असतं. ते तोंडानं विचारा."

"शहाणपणा नको," सर म्हणाले. "उद्यापर्यंत मजुरांसाठी करून दे. दोन ओळींचं काम आहे."

"मी करणार नाही."

खरंच दोन ओळींचं आहे. गावाच्या जागी मजूर, तोड्याच्या जागी कामाची पाळी. इतकं सोपं आहे, हेच झोंबतं.

नोकरी जाईल. जाऊ दे. मी नाही तर दुसरा कुणी लिहील, तेही कळतं मला. म्हणून उद्या सकाळी शेड उघडायच्या आधी मी फाटकाशी उभी राहणार आहे. जमनीकाकीच्या हातात माझा फोन देणार. वाचायची जागा दाखवणार. तिला अक्षर येत नाही, टॅगमध्ये काय लिहिलंय ते मी वाचून सांगेन, आणि तो गळ्यात का घालून घ्यायचा नाही तेही. आमच्या बोलीत, सगळ्या जणींना.

मग बघू, कोण कुणाच्या गळ्यात दोरी घालतं.